चित्र उलटून उत्तर देत नाही

प्रिय चिऊ,
अनेक आशीर्वाद.

तू संगीत देऊन पाठवलेला चित्रपटातला प्रसंग काल रात्री हेडफोन लावून चारदा पाहिला. बाई दार लावून घेते तिथं तुझ्या चेलोच्या तारेवर गज नुसता खरखरतो, सूर लागतच नाही. ते फार आवडलं. पण ती वळून बघते तिथं तुझा चेलो जोरात येतो आणि तोही दोन फ्रेम आधी. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे सेकंदाचा बारावा भाग. एवढ्यानं काय बिघडतं, असं म्हणशील. बाई वळायच्या आधीच प्रेक्षक सावध होतो, हे बिघडतं. एवढी वर्षं एडिटिंग टेबलावर बसून डोळ्यांना दुसरं काही दिसेनासं झालंय, त्याला माझा इलाज नाही.

दिग्दर्शकानं दुसऱ्याच कुणाचं तरी संगीत टेम्प ट्रॅक म्हणून, म्हणजे तात्पुरतं, लावून ठेवलंय आणि त्याला हुबेहूब तसंच हवंय, म्हणून तू चिडलीस. हे दुखणं जुनं आहे. खुशाल भांड. पण 'आम्ही उत्स्फूर्त वाजवणारी माणसं, आम्हाला हे जमायचं नाही' हे मला पटलं नाही.

१९५७च्या डिसेंबरात जॅझ ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसनं पॅरिसमध्ये फ्रेंच दिग्दर्शक लुई मालच्या चित्रपटाचं संगीत एका रात्रीत वाजवलं. पडद्यावर प्रसंग पुन्हा पुन्हा फिरवत होते, हाताशी स्वरांचा जुजबी आराखडा, बाकी सगळं बघता बघता सुचलेलं. तुमच्या मैफलीत तू एक स्वर टाकलास की समोरचा काहीतरी परत देतो. पडदा काही देत नाही. तू कितीही छान वाजव, बाई त्याच फ्रेमला वळणार. तुला अवघड जातंय ते हेच, असा माझा अंदाज. उत्तर येत नाही म्हणून तू आवाज वाढवतेस.

इटालियन चित्रपट-संगीतकार मोरिकोनेंचं बघ. फ्रँको एव्हांजेलिस्टींनी १९६४ साली रोममध्ये संगीतकारांचाच एक गट काढला, नुओवा कोन्सोनान्झा. वाद्यातून सहसा न निघणारे आवाज काढायचे, तेही आयत्या वेळी. मोरिकोने त्यात ट्रम्पेट वाजवत आणि त्याच काळात सर्जिओ लिओनेंच्या वेस्टर्न चित्रपटांना संगीतही देत. 'वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट'चं संगीत तर चित्रीकरणाआधीच तयार होतं. लिओने ते सेटवर वाजवून नटांना चालायला लावत. एकदा का होईना, चित्रानं संगीताला उत्तर दिलं! पुढच्या वेळी पटकथा हातात आली की लगेच काहीतरी वाजवून पाठव. टेम्प ट्रॅक तुझाच होऊ दे.

या वेळी मात्र ती बाई वळते तिथं काहीच वाजवू नकोस, एकदा करून तर बघ. आणि ती खरखर 'नॉईज' समजून मिक्सिंगवाला साफ करून टाकेल, त्याला आजच सांगून ठेव.

तुझी,
आई