उरीयाच्या हातातले पत्र

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवार पुरवणीतल्या प्राचीन महाकाव्यांवरील लेखमालेची कात्रणे मी जपून ठेवते. या मालेत बायबलमधल्या कथांनाही जागा मिळावी, असे एका वाचकाने सुचवले होते. गेल्या आठवड्यात दुसऱ्या एका वाचकाने त्यावर हरकत घेतली. धर्मग्रंथ साहित्य म्हणून वाचणे हा श्रद्धावानांचा अपमान आहे, आणि ज्यांचा तो धर्म नाही त्यांनी त्या वाटेला जाऊच नये, असे त्यांचे म्हणणे. त्यांच्या हेतूबद्दल मला आदर आहे, पण हे मत मला अजिबात पटत नाही.

मी आयुष्यभर शाळा-कॉलेजात मराठी शिकवले. ज्ञानेश्वरीतले दृष्टान्त, ओवीची लय, ज्ञानदेवांची उपमांवर उपमा देण्याची हौस हे सारे वर्गात उलगडून दाखवताना समोर माळकरी घरांतली मुले बसलेली असत. त्याच मुलांच्या घरी ज्ञानेश्वरीचे पारायण चाले. वर्गातल्या वाचनाने पारायणाला बाध आला, असे एकाही पालकाने मला सांगितले नाही. उलट, ओवी कळल्यावर पारायणात अधिक गोडी वाटते, असे सांगणारे भेटले. मग जी मुभा आपण आपल्या ग्रंथाला दिली, ती दुसऱ्यांच्या ग्रंथाला का नको?

माझे स्वतःचे बायबल-वाचन उशिरा सुरू झाले आणि चुकीच्या टोकाने सुरू झाले. पहिल्या पानापासून निघाले आणि ‘लेवीय’मधल्या यज्ञबलींच्या नियमांत अडकून पुस्तक मिटले. पुढे एका ख्रिस्ती मैत्रिणीने सांगितले, शमुवेलचे दुसरे पुस्तक काढ, अकरावा अध्याय. त्या संध्याकाळी मी जे वाचले, ते अजून डोक्यातून गेलेले नाही.

राजे लढाईला निघतात त्या दिवसांत इस्राएलचा राजा दावीद याने सेना पाठवली आणि तो स्वतः मात्र यरुशलेमातच राहिला, अशी सुरुवात. टीका नाही, टोमणा नाही. पण राजा जिथे असायला हवा तिथे नाही, एवढे पहिल्याच वाक्यात कळते. गच्चीवरून त्याला एक स्त्री स्नान करताना दिसते. ती बथशेबा, त्याच्याच सैन्यातल्या उरीयाची बायको. तो माणसे पाठवून तिला आणवतो. तिला काय वाटले, ती काय म्हणाली, याबद्दल लेखक गप्प आहे. या संपूर्ण अध्यायात तिच्या तोंडी मूळ हिब्रूत फक्त दोन शब्द आहेत. अर्थ एवढाच, की मी गरोदर आहे.

मग पाप झाकण्याची धडपड. दावीद उरीयाला आघाडीवरून बोलावून घेतो आणि घरी जाऊन विसावा घे म्हणतो. उरीया राजवाड्याच्या दारात नोकरांबरोबर झोपतो. माझे सोबती उघड्यावर तळ देऊन असताना मी घरी जाऊन खाऊ, पिऊ आणि बायकोपाशी निजू काय, असे तो विचारतो. शेवटी राजा सेनापती योवाबाला पत्र लिहितो, की उरीयाला तुंबळ लढाईच्या तोंडी उभे करा आणि त्याच्यामागून मागे सरा, म्हणजे तो मारला जाईल. ते पत्र तो पाठवतो खुद्द उरीयाच्याच हाती. उरीयाला काही कळले होते का? राजवाड्यात कुजबुज झाली असणारच. घरी न जाण्यामागे निव्वळ सैनिकाची निष्ठा होती की मुका निषेध? लेखक सांगत नाही. मी हा अध्याय कितीतरी वेळा वाचला आहे आणि दर वेळी माझे उत्तर बदलते.

पुढच्या अध्यायात नाथान संदेष्टा येऊन राजाला एक गोष्ट सांगतो. एका श्रीमंताकडे पुष्कळ मेंढरे होती, गरिबाकडे एकच कोकरू. ते त्याच्या घासातले खाई, त्याच्या पेल्यातले पिई, त्याच्या उराशी निजे. खाणे, पिणे, निजणे! उरीयाच्या तोंडची तीच तीन क्रियापदे, त्याच क्रमाने. ते कोकरू त्याला मुलीसारखे होते, असेही नाथान म्हणतो. हिब्रूत मुलीला ‘बत’ म्हणतात, आणि बथशेबाच्या नावाचा पहिला भाग तोच. श्रीमंताने पाहुण्यासाठी ते कोकरू कापले, हे ऐकून दावीद भडकतो, असा माणूस मेलाच पाहिजे म्हणतो. नाथानाचे उत्तर मूळात पुन्हा दोनच शब्दांचे आहे. तो माणूस तूच.

हे सगळे योगायोगाने जुळून आले, असे कोण म्हणेल? आणि ही कारागिरी दिसल्याने श्रद्धावान वाचकाच्या मनातले नाथानाचे शब्द बोथट होतात की जास्त धारदार? ज्यू परंपरेत तर शतकानुशतके एकेका शब्दावर असेच थांबून वाचले गेले आहे. तिथे ही रीत परकी नाही.

हाच दावीद पुढे बंडखोर मुलगा अबशालोम याच्या मृत्यूची बातमी ऐकतो. आधीचा राजा शौल आणि त्याचा मुलगा योनाथान लढाईत पडले तेव्हा याच माणसाने बांधेसूद विलापगीत रचले होते. आता त्याच्यापाशी कविता उरलेली नाही. ‘माझ्या मुला’ हे एका वचनात पाच वेळा येते आणि तुझ्याऐवजी मी मेलो असतो तर, एवढेच.

आपल्या मालेत होमरवर दोन लेख आले, म्हणून एक आठवण करून देते. एरिक आउअरबाख हे जर्मन ज्यू अभ्यासक नाझी राजवटीत नोकरी गमावून इस्तंबूलला गेले. १९४६ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या ग्रंथाचे पहिलेच प्रकरण होमर आणि बायबल यांची तुलना करते. होमर सगळे उजेडात आणून मांडतो, तर अब्राहाम आपल्या मुलाला, इसहाकाला, बळी द्यायला नेतो त्या तीन दिवसांच्या वाटेवर बायबल जवळजवळ काहीच बोलत नाही. एकावर दोन लेख आणि दुसऱ्यावर एकही नाही, हे मला खटकते.

साहित्य म्हणून वाचायचे म्हणजे गोड तेवढे वेचायचे, असेही नाही. ‘शास्ते’ या पुस्तकात इफ्ताह नवसापायी पोटच्या मुलीचा बळी देतो. तो भाग वाचताना मला राग येतो आणि तो यावा, असेच मला वाटते. बायबलमधल्या ‘विलापगीत’ या पुस्तकाच्या पाच अध्यायांपैकी पहिले चार हिब्रू वर्णमालेच्या क्रमाने रचलेले आहेत. पाचव्यात वर्णमालेतल्या अक्षरांइतकीच बावीस वचने आहेत, पण क्रम मोडला आहे. उद्ध्वस्त यरुशलेमाचे दुःख सांगताना कवीच्या हातून तो मोडला की त्याने मुद्दाम मोडला, कोण जाणे. अनुवादात तर हे दिसतही नाही. कोणीतरी सांगावे लागते, म्हणून लेख हवा. नव्या करारातल्या उधळ्या पुत्राची गोष्ट आपल्याकडे पुष्कळांनी ऐकलेली असते, पण तिचा शेवट फारसा कोणाच्या लक्षात राहत नाही. परतलेल्या धाकट्याच्या स्वागतावर थोरला भाऊ रुसून अंगणात उभा, बाप विनवतो आहे, आणि तो आत गेला की नाही हे येशू सांगतच नाही.

राहिला ‘आपला काय संबंध’ हा मुद्दा. फादर स्टीफन्स यांनी ख्रिस्तकथा ओवीबद्ध मराठीत रचली आणि ती गोव्यात १६१६ साली छापली गेली. कोकणातल्या बेने इस्राएल या ज्यू समाजाने एकोणिसाव्या शतकात योसेफ आणि मोशे यांच्या कथा मराठी कीर्तनातून गायल्या. पंडिता रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि केडगावला बसून त्यांनी अख्खे बायबल साध्या मराठीत आणले. त्या १९२२ मध्ये गेल्या, अनुवाद १९२४ मध्ये छापून निघाला. रमाबाईंच्या चरित्रावर आपण भरभरून लिहितो, पण ज्या कामात त्यांची शेवटची वर्षे गेली ते वाङ्मय म्हणून वाचायचे राहूनच जाते, याचे मला फार वाईट वाटते. आणि २०२० च्या उस्मानाबाद साहित्य संमेलनाचे अध्यक्ष फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनीही बायबल मराठीत आणले होते.

तेव्हा कृपा करून हा विषय मालेत घ्या. लेख लिहिणाऱ्याने आधी हिब्रू जाणणाऱ्या कोणाशी तरी बोलावे, एवढी विनंती. आणि लेखाशेजारी शमुवेलच्या दुसऱ्या पुस्तकातले अकरा आणि बारा हे अध्याय रमाबाईंच्या मराठीत छापावेत. दोन्ही मिळून अठ्ठावन्न वचने आहेत, पुरवणीच्या एका पानात सहज बसतील.

आपली,
एक निवृत्त मराठी शिक्षिका, मिरज