आधी आईचं नाव, मग माझी सही

ती. आई-बाबांना साष्टांग नमस्कार,

दादाचा फोन आला होता. आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, येशील तेव्हा जमिनीच्या हक्कसोडपत्रावर सही करून जा म्हणाला. बाबा, तुम्ही स्वतः बोलला नाहीत, म्हणजे तुम्हालाही ते अवघड गेलं असणार.

वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाइतकाच वाटा, हे हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने ठरलं. राहिलेली शंका सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली मिटवली. माझं मी बघीन, दादाशी मला भांडायचं नाही. पण मी लेक म्हणून वाटा मागू शकते, तसा आईला मागता येत नाही. म्हणून माझ्या सहीआधी सातबाऱ्यावर तिचं नाव लागू द्या.

कांद्याचं रोप टाकण्यापासून चाळ भरेपर्यंत सगळं तिच्या हातचं. कोणत्या वाफ्यात पाणी तुंबतं, हे दादा अजून तिलाच विचारतो. आणि कागदावर? सोसायटीच्या कर्जात ती नाही, पीकविम्यात नाही, पीएम किसानचे वर्षाचे ६,००० तुमच्या खात्यात.

आई, तू म्हणशील, घर आपलंच, नावाचं काय घेऊन बसलीस! लाडक्या बहिणीचे १,५०० यायला लागल्यापासून बँकेच्या रांगेत तू स्वतः उभी राहतेस, आणि पासबुकाला नातीलाही हात लावू देत नाहीस. तेव्हा मला हे सांगू नकोस.

बाबा, १९८६ साली छातीवर शेतकरी संघटनेचा बिल्ला लावून तुम्ही आईला चांदवडच्या महिला अधिवेशनाला नेलंत, ही गोष्ट आम्ही किती वेळा ऐकली! पुढे संघटनेच्या शरद जोशींनी लक्ष्मीमुक्तीची हाक दिली, जमीन बायकोच्या नावे करा म्हणाले. तेव्हा तुम्ही सभेत टाळ्या वाजवल्यात आणि घरी येऊन गप्प बसलात. (आत्याने सांगितलं. तिच्यावर चिडू नका.) १९९२ साली तर सरकारनेच लक्ष्मीमुक्तीचं परिपत्रक काढलं. नवऱ्याने अर्ज केला की त्याच्या हयातीतच बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून लागतं. म्हणजे राहिलंय ते फक्त तुमच्या अर्जापाशी.

जमिनीच्या सगळ्या गटांना जमत नसेल तर विहिरीच्या गटापासून सुरुवात करा. दादाला मी सांगते, तो ऐकेल. वहिनी तर माझ्याच बाजूने आहे.

आखाजीच्या आधीच येते, तलाठी कार्यालय उघडं असताना. ताजा उतारा आणि दोघांची आधारकार्डं काढून ठेवा. आणि आई, त्या दिवशी पाहुण्यांसाठी मांडे करत बसू नकोस, तुलाही यायचंय.

तुमची,
माई