टाकीस्तानच्या परराष्ट्रमंत्र्यास

नाशिक
रविवार, १६ नोव्हेंबर २०२५

अव्या,

आठ महिने झाले, तुला ना फोन ना काही. दिवाळीला तो फॉरवर्ड आलेला दिवा तुला पुढे ढकलला आणि तू अंगठा दाखवलास, एवढाच आपला पत्रव्यवहार. असो. इकडे सगळं बरं. आईची शुगर आहे तशीच, माझी बीपीची गोळी चालू. झालं तब्येतीचं.

तिवंध्याचा वाडा गेला. म्हणजे उभा आहे अजून, पण सह्या झाल्या, डिसेंबरात रिकामा करून द्यायचाय. मागच्या रविवारी निम्मं सामान हलवलं. टेम्पो कोणाचा आणला असेल? दिग्याचा. तीन टेम्पो आहेत आता त्याचे, नाशिकरोडला गोडाऊन आहे, पोट तर असं सुटलंय की बघ. पैसे घ्यायलाच तयार नाही, "मावशीचं सामान आणि पैसे कसले रे" म्हणाला आणि ते लोखंडी कपाट दोन पोरांना घेऊन त्या अंधाऱ्या जिन्यातून तिरकं करत करत असं उतरवलं की भिंतीला ओरखडा नाही. भिंत पाडायचीच आहे म्हणलं, तर म्हणे "सवय लागते रे."

तर आईच्या ट्रंकेत, पितळी डब्यांच्या खाली, तिकिटांचं पुस्तक निघालं. माझं. हिरव्या कापडाचं.

दिग्या खालच्या पायरीवर बसला, हात पँटला पुसले, आणि पुस्तक मांडीवर घेतलं. मी वर उभा. तो एकेक पान उलटतोय आणि त्याला सगळं आठवतंय. डीडीआरची, म्हणजे पूर्व जर्मनीची, पानं आली तर म्हणाला, "अव्या याच देशात राहतो ना?" म्हणलं राहतो तिथेच, पण तो देश १९९० च्या ३ ऑक्टोबरलाच मिटला, हा लाइपझिगला जायच्या कितीतरी आधी. त्यावर तो म्हणतो, "म्हणजे भाडेकरू नंतर आला." मग ते पाकिस्तानचं निघालं, जॉर्ज राजाच्या डोक्यावर शब्द छापलेलं, तुझे अण्णा सांगायचे बघ की १९४७ ला नवीन देशाकडे स्वतःची तिकिटं नव्हती म्हणून भारताच्याच तिकिटांवर 'पाकिस्तान' हा शब्द आपल्या प्रेसमध्ये, नाशिकरोडला मारून दिला, १ ऑक्टोबरला ती वापरात आली. दिग्याला पाठ होतं. अण्णा ही गोष्ट सांगताना सिगरेट पेटवायचे हे पण त्याला पाठ होतं.

आणि मग पुढच्या पानावर शंकरपाळं.

आता कळलं असेल मी का लिहितोय ते. तान्नू तुवाचं, मंगोलियाच्या शेजारच्या त्या चिमुकल्या देशाचं तिकीट. तुझ्या मामांनी फोर्टातून आणलेल्या पाकिटातलं, तिरपं, शंकरपाळ्यासारखं, शिंगवाल्या जनावराचं. मे १९८७.

दिग्या थांबला. त्यावर बोट न लावता, नुसतं वर धरून म्हणाला, "हे अव्याचं ना रे?"

आणि अव्या, पन्नाशीचा मी, मुलगी एमएस्सीला, हाउसिंग सोसायटीचा खजिनदार, मी पटकन म्हणलं, "हो हो, त्यानेच दिलं, जर्मनीला जाताना." तो म्हणाला, "म्हणजे सापडलं होतं?" मी म्हणलं, "हो, त्याच्याच कुठल्यातरी पुस्तकात निघालं म्हणे."

"मला कुणी सांगितलं नाही," एवढं म्हणाला, पान उलटलं, पुस्तक मिटून माझ्या हातात दिलं आणि फ्रीज उचलायला गेला.

तर आता सांगतो. मी घेतलं होतं. तुझं शंकरपाळं मीच चोरलं. त्या दिवशी तुमच्या आजीनं कुरडया घातल्या होत्या, तुम्ही दोघं चीक खायला खाली पळालात, बिस्किटांचा पत्र्याचा डबा टाकीमागे तसाच राहिला, मी वर एकटा. दोन मिनिटांचं काम. चीक खायला मी उशिरा आलो म्हणून तुझ्या आजीनं मला जास्त वाढला होता, ते इतकी वर्षं विसरलो नाही.

गच्चीवर टाकीमागे आपला टाकीस्तान देश होता ना, त्याच्या टपालमंत्र्याकडे डब्याची किल्ली. टपालमंत्री कोण? दिग्या. आणि खटला चालवायला न्यायाधीश कोण होतं, आठवतंय ना? मी. आईचा काळा परकर खांद्यावर घेऊन मी निकाल दिला, टाकीस्तानातून आजन्म हद्दपार, आणि तू त्याचा पासपोर्ट फाडलास. (तू फाडलास. तेवढं तुझ्याकडे राहू दे.) तो रडला नाही. नुसता म्हणाला, मी नाही घेतलं. मग सुट्टीभर खालच्या चौकात एकटा भोवरा खेळत होता आणि आपण वरून बघत होतो.

तू म्हणशील बारा वर्षांची पोरं, एवढं काय. मी पण तेच म्हणत होतो, बुधवारपर्यंत. बुधवारी रात्री जेवताना लेकीनं, सईनं, तिला यातलं काही माहीत नाही हां, रानपिंगळ्याची गोष्ट सांगितली. छोटं घुबड, आपल्या खानदेशातलं. १८८४ नंतर कोणी बघितलंच नव्हतं, नामशेष धरून चालले होते. जगभरच्या म्युझियममध्ये मिळून मोजून सात मेलेले नमुने. त्यातला एक माइनर्ट्झहागेन नावाच्या ब्रिटिश कर्नलचा, चिठ्ठीवर लिहिलेलं गुजरातेत मांडवीला १९१४ साली मिळाला. लोक त्या चिठ्ठीवर भरवसा ठेवून तिकडे शोधत राहिले. नव्वदच्या दशकात पामेला रासमुसेन नावाच्या बाईंनी तो पक्षी नीट तपासला तर लक्षात आलं की आत पेंढा भरायची पद्धत डेव्हिडसन नावाच्या माणसाची आहे, खानदेशात १८८० च्या सुमारास पक्षी गोळा करणाऱ्याची. कर्नलसाहेबांनी म्युझियममधूनच डेव्हिडसनचा पक्षी लांबवला होता आणि नवीन चिठ्ठी लावली होती. एक नाही, असे बरेच. मग बाई आणि दोन साथीदार, खोटी चिठ्ठी बाजूला ठेवून, खरी ठिकाणं धरून हिंडले, आणि १९९७ च्या नोव्हेंबरात शहाद्याजवळ रानपिंगळा झाडावर बसलेला. दिवसाढवळ्या. ११३ वर्षांनी!

सई एवढी रंगून सांगत होती आणि माझा घास घशात. कारण चिठ्ठी मी पण लावली होती रे. त्या शंकरपाळ्याखाली माझ्याच अक्षरात, लाल बॉलपेननं, "सौजन्य: बापूकाका, मुंबई".

आता माझा घोर कळला का? दिग्याला मी तोंडानं सांगितलं तू दिलंस. चिठ्ठी सांगते बापूकाकांनी दिलं. पान त्याच्या मांडीवर होतं. त्यानं ती ओळ वाचली का नाही वाचली? उजेड कमी होता, चष्मा त्यानं कपाळावर चढवलेला होता, पण तो कपाळावरचा चष्मा जवळचा की लांबचा हे मला माहीत नाही. रात्री उठून मी हाच विचार करतो. बायको म्हणते बीपी वाढलंय.

वाचलं असेल तर त्याला सगळं कळलंय आणि तरी त्यानं फ्रीज उचलला. वाचलं नसेल तर त्याच्या लेखी चोर तू नाहीस पण तिकीट सापडूनही गप्प बसलास, म्हणजे मी एका बाणात दोघं मारले. दोन्ही वाईट. कुठलं जास्त वाईट ते तू सांग, परराष्ट्र खातं तुझ्याकडे होतं.

बाकी खातं चालवलंस मात्र झकास. आझाद हिंद सरकारला नऊ देशांची मान्यता होती हे कुठंतरी वाचलंस आणि आपल्याला पण नऊ पाहिजेत म्हणून भर उन्हात वाडा वाडा फिरवलंस, मिळाल्या किती, दोन. एक तुझी आजी आणि एक कोपऱ्यावरचा इस्त्रीवाला, ज्याच्या टपरीलाच नगरपालिकेची मान्यता नव्हती. पण परवा बघितलं, त्या नवातला एक मांचुको होता, जपान्यांनी उभा केलेला, त्याला स्वतःलाच फार कोणी देश मानत नव्हतं, १९४५ ला गुंडाळला. म्हणजे इस्त्रीवाला चालला असता. आणि बसच्या तिकिटांच्या चलनाला तुझी ताई हसायची ना, तिला सांग ट्रान्सनिस्ट्रिया म्हणून आहे, मोल्दोवाच्या कडेला, १९९० पासून आम्ही वेगळे म्हणतात, झेंड्यावर अजून विळा-हातोडा, आणि तिथं प्लॅस्टिकची नाणी चालतात. आपण काळाच्या पुढे होतो. ताईनं पापड वाळत घालायला आपली पूर्व सीमा बळकावली नसती तर आज कुठे असतो.

दिग्याच्या सुरगाण्याचं पण सांगायचंय. तो म्हणायचा आमच्या सुरगाण्याला राजा होता, आणि आपण खिदळायचो, सुरगाण्याला कसला राजा, तिथं एसटी जात नाही धड. होता रे. स्वातंत्र्यापर्यंत सुरगाणा संस्थान होतं, १९४८ ला विलीन झालं. हे कळायला मला अडतीस वर्षं लागली आणि तेही चोरीची झोप उडाली म्हणून.

आणि तुवाची गंमत ऐक. १९२१ ला स्वतंत्र, १९४४ ला सोव्हिएत युनियननं गिळला, मधल्या काळात रशिया आणि मंगोलिया सोडून कोणी विचारलं नाही. म्हणजे आपल्यासारखीच दोन मान्यता. ती तिकिटं मॉस्कोत छापायचे, मुख्यतः जगातल्या पोरांना विकायला, आणि बरीचशी तिथंच शिक्का मारून थेट पाकिटात. आपल्या तिकिटावर शिक्का आहे बघ, मी भिंग लावून बघितला. म्हणजे ते तुवाला बहुतेक गेलेलंच नाही. हे वाचल्यावर पहिला विचार मनात काय आला सांगू? की मग चोरी अर्धीच धरायची. किती नीच आहे मी, आणि वर न्यायाधीश.

गुरुवारी पोस्टात गेलो होतो. म्हणलं तिकीट तुला रजिस्टरनं पाठवून मोकळं व्हावं, दिग्यानं विचारलं तर दाखवायला आपल्याकडे काही नको. काउंटरवरचा म्हणतो रजिस्टर गेलं साहेब, १ सप्टेंबरपासून स्पीड पोस्टात विलीन. संस्थानासारखं! घरी आलो आणि तिकीट काढायला गेलो तर निघेना. त्या वेळी हिंज, म्हणजे तिकीट चिकटवायच्या त्या पातळ पट्ट्या, कुठल्या, भरपूर डिंक लावलेला. कोपरा उचकटताना शिंगाजवळ बारीकशी चीर गेली, तसाच थांबलो. ती चीर पण आता माझ्या नावावर लिही.

तुझं काय चाललंय? गुडघ्याचं ऑपरेशन झालं असं ताईकडून कळलं, जिने चढू नकोस. नीलनं नोकरी बदलली ना? छान. वहिनींना नमस्कार. थंडी असेल. तुझे ९६ च्या वर्ल्डकपचे पन्नास रुपये मी सोडलेले नाहीत, पण या पत्रानंतर वळते करून घे.

जाताना दिग्या टेम्पोत चढून स्टार्टर मारता मारता म्हणाला ते सांगायचं राहिलं. तुला आठवतं, वनखातं पण त्याच्याकडेच होतं आणि तो नामशेष प्राण्यांची वही ठेवायचा, पहिल्याच पानावर चित्ता, कोरिया संस्थानच्या राजानं १९४७ ला एका रात्रीत तीन मारले आणि ते शेवटचे, १९५२ ला सरकारनं नामशेष जाहीर केला. त्यानं खिडकीतून डोकं काढून वाड्याच्या गच्चीकडे बघितलं, टाकी दिसते अजून, आणि म्हणाला, "नामिबियातून आठ आणले, चित्ता सत्तर वर्षांनी परत आला, आपलं काय होतंय का बघ की." मी म्हणलं अरे ते आफ्रिकेतले, आपले वेगळे होते. तर म्हणे, "पळतात ना?"

आता तू सांग, हे चिठ्ठी वाचलेल्या माणसाचं बोलणं आहे का न वाचलेल्या? मी आठ दिवस या एका वाक्याला उलटंपालटं करून बघतोय.

येत्या गुरुवारी उरलेलं सामान न्यायला तो परत येतोय, आईचा झोपाळा आणि ते जातं. मी ठरवलंय, पुस्तक ट्रंकेत घालायचं नाही, पायरीवरच ठेवायचं, तेच पान उघडून, दिव्याखाली. पण त्याच्या आधी तुझा त्याला फोन गेला आणि तू म्हणालास "कसलं तिकीट?" तर ते मला तुझ्याकडून कळायला नको आणि त्याला पण तुझ्याकडून नको. म्हणून शुक्रवारपर्यंत त्याचा फोन उचलू नकोस. शिव्या मला घाल, त्यासाठी कधीही कर, रात्री पण चालेल, जागाच असतो.

तुझाच,
बाळ्या

ता.क. पासपोर्टाचे तुकडे तू डब्यात ठेवले होतेस का रे? डबा सापडला, टाकीमागेच होता, गंजलाय आणि झाकण निघत नाहीये. दिग्याकडे पाना असतो टेम्पोत.