गड्डा जत्रेला ये, पण ग्राफ कमी आण

पिंके,

कोचीतला तुझा व्हिडिओ बघितला. आईनं दोनदा बघितला आणि दोन्ही वेळा खाऱ्या पाण्यानं केसांची काय वाट लागलीय एवढंच म्हणाली. मला दुसरं बोलायचंय, पण फोन केला की तुझी मीटिंग चालू असते म्हणून लिहितोय.

मागं सुट्टीत आलेलीस तेव्हा इथं सोलापुरात पोरांसमोर समुद्र तापण्यावर बोललीस ना, मी मागच्या बाकावर होतो. समुद्राचं पाणी नेहमीच्या उन्हाळ्यापेक्षा एक डिग्री जास्त तापलं आणि काही आठवडे तसंच राहिलं की प्रवाळ, म्हणजे कोरल, पांढरं पडतं, असं तू सांगितलंस तर पोरं हसली. हसणारच की गं, एप्रिलमध्ये चाळीशी पार करणारं गाव हे, एक डिग्रीचं कौतुक कुणाला? मला कळलं कारण मी जन्म डायिंगमध्ये काढला, टाकीचं टेम्परेचर जरा हललं की टॉवेलची शेड बदलायची आणि अख्खा लॉट बोंबलायचा. पण प्रवाळाच्या आत शेवाळ राहतं, तेच त्याला रंग देतं आणि जेवायलाही घालतं, उष्णतेनं ते बाहेर टाकलं गेलं की प्रवाळ उपाशी पडतं, हे तू एका स्लाइडमध्ये उरकलंस आणि ग्राफ मात्र किती वेळ दाखवत बसलीस! लक्षद्वीपला १९९८, २०१०, २०१६ आणि परत २०२४ ला हे झालं, म्हणजे सावरायला धड वेळच मिळेना, हे नुसतं तोंडी सांगितलं असतं तरी पोरं गप्प झाली असती.

आणि सुरुवात प्रवाळापासून करूच नको. ऑक्टोबर २०२० पासून कर. काकीनाड्याजवळ जमिनीवर चढलेलं ते वादळ तेलंगणा, कर्नाटक करत आपल्या डोक्यावर आलं, १४ तारखेला रात्रभर धो धो, पंढरपुरात घाटावरची भिंत पडून माणसं गेली, भीमेनं गावंच्या गावं पाण्यात घातली आणि मग तेच वादळ पुढं अरबी समुद्रात गेलं. आपल्याला समुद्र नाही म्हणणाऱ्या माणसाला हे सांग. एका पावसाचं खापर एकट्या तापमानवाढीवर फोडता येत नाही असं तूच म्हणतेस, तेही सांग, लोकांना खरं बोललेलं कळतं. पण हवा एक डिग्री तापली की सात टक्के जास्त वाफ धरते, आणि माणसानं वाढवलेल्या उष्णतेतली नव्वद टक्क्यांच्या वर समुद्रच पिऊन बसलाय, हे त्याला जोडून आलं की शेतकऱ्यालासुद्धा पटतं. शेजारचे डाळिंबवाले काका परवा मलाच विचारत होते, समुद्र तापला तर आमच्या बागेचं काय. मी सांगितलं थोडंफार, तू असतीस तर बरं झालं असतं.

माझं म्हणणं, जानेवारीत गड्ड्याला ये. होम मैदानावर पाळण्यांच्या रांगेत एक टेबल टाकू, परवानगीचं मी बघतो. पांढरं पडलेलं प्रवाळ आणि जिवंत प्रवाळ, दोन मोठे फोटो आण, बास. माईक नको, तिथं तसंही काही ऐकू येत नाही, समोर येईल त्याच्याशी बोल. भाषण मराठीत, आणि ते "ॲनोमली" वगैरे कोचीलाच ठेवून ये.

शेंगा चटणी कुरियर केलीय. आल्या आल्या घट्ट झाकणाच्या डब्यात काढ, तिकडच्या दमट हवेत मागच्या वेळी खवट झाली म्हणालीस.

पप्पा