निजऱ्यांबद्दल, उशिरा दिलेलं उत्तर

प्रिय चिमणे,

परवा कपाट आवरताना तुझी निळी वही सापडली, निजऱ्यांची. पहिल्याच पानावर मोठ्या अक्षरात लिहिलंयस, निजरे स्वप्नात जन्मतात, त्यांना आईबाबा नसतात, सगळे एकदम मोठेच असतात. खाली एका निजरीचं चित्र, तिचा डावा हात उजव्याच्या दुप्पट, कारण तुझ्या म्हणण्यानुसार त्यांना सारखं काहीतरी पुढच्याच्या हातात द्यायचं असतं. आणि सातव्या पानावर तो प्रश्न, "आपण उठलो की निजरे मरतात का?"

हा प्रश्न तू मला एका सकाळी विचारला होतास. मी बुटाची नाडी बांधत होतो, उशीर झाला होता, आणि मान वर न करता म्हणालो, हो, मरतात, चल आवर. त्यानंतर वहीत एक ओळ नाही. तू स्वप्नं सांगायचीही थांबलीस आणि ते माझ्या लक्षात यायला कितीतरी महिने गेले. मला अजून टोचतं ते.

मग झोपेवर जे मिळेल ते वाचत गेलो, आणि वाचता वाचता तुझे निजरे माझ्या डोक्यात वाढतच गेले. बघ तुला पटतंय का.

आपली झोप साधारण दीड तासाच्या फेऱ्यांमध्ये चालते, रात्रीत चारपाच फेऱ्या, आणि प्रत्येक फेरीच्या शेवटी ती झोप येते ज्यात पापण्यांखाली बुबुळं भराभर हलतात, रेम झोप म्हणतात तिला. सर्वात जास्त आणि सर्वात ठळक स्वप्नं त्यातच पडतात. पहिल्या फेरीत ती जेमतेम काही मिनिटं असते, पहाटेकडे अर्धा तास किंवा जास्तही. म्हणजे निजऱ्यांचं वय जन्मापासून मोजून चालणारच नाही, कितव्या फेरीचा तू, एवढंच ते एकमेकांना विचारत असणार. पहिल्या फेरीच्या निजऱ्याला एकच काम जमतं, आपल्या दिवसभरातला एखादा तुकडा उचलायचा, कुणाचा आवाज, ओली छत्री, अर्धवट राहिलेलं भांडण, आणि तो पुढच्या फेरीवाल्यांच्या दाराशी नेऊन ठेवायचा. प्रवास, सण, वादविवाद हे सगळं पहाटेवाल्यांच्या वाट्याला. पण मला मान वाटतो तो पहिल्या फेरीवाल्यांचा, कारण आपण आणलेल्या छत्रीचं पुढे काय झालं हे त्यांना कधीच कळत नाही आणि तरी ते ती जपून नेतात.

त्यांना लिपी नाही. स्वप्नात एखादी पाटी वाच, नजर बाजूला कर, परत बघ, अक्षरं बहुतेक वेळा बदललेली असतात, अशा ठिकाणी ग्रंथ कसे टिकणार. आरसेही नाहीत. आठवतंय, तू म्हणायचीस की स्वप्नात आजी होती पण चेहरा दुसऱ्याच बाईचा होता, तरी मला माहीत होतं ती आजीच आहे? निजऱ्यांची ओळख अशीच थेट असते, चेहऱ्याची भानगडच नाही. आणि त्यांच्या भाषेत "सुरुवात" हा शब्द नसणार, कारण स्वप्नात आपण कुठून आलो हे कुणालाच आठवत नाही, सगळे कायम मधूनच चालत असतात.

आता त्यांच्या इतिहासातली सगळ्यात मोठी गोष्ट. रेम झोपेत हातपाय लुळे पडलेले असतात, श्वास चालू आणि डोळे हलते, बाकी सगळं बंद. म्हणजे त्यांच्या देशाला बाहेर उघडणारी खिडकी एकच, डोळे. शिकागोत 1953 साली युजीन असेरिन्स्की आणि नॅथनियल क्लाइटमन यांनी ही हालचाल जगापुढे मांडली, तोवर या खिडकीकडे कुणी नीट बघितलंच नव्हतं म्हण ना. आणि 1975 मध्ये इंग्लंडमधल्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांच्या प्रयोगात एका झोपलेल्या माणसाला स्वप्नातच कळलं की हे स्वप्न आहे, आणि त्याने आधी ठरल्याप्रमाणे डोळे डावीकडे-उजवीकडे फिरवून खूण केली, ती डोळ्यांची हालचाल टिपणाऱ्या यंत्राच्या कागदावर उमटली. आपल्या बाजूने बघितलं तर नुसत्या वरखाली रेघा गं. पण त्या बाजूने विचार कर, भिंतीवर आतून कुणीतरी टकटक केलं आणि पहिल्यांदाच बाहेर ऐकू गेलं!

ओट्टो लोवी नावाच्या शास्त्रज्ञाला तर निजऱ्यांनी दोन रात्री गाठलं. पहिल्या रात्री स्वप्नात प्रयोग सुचला, अर्धवट झोपेत कागदावर खरडला, सकाळी स्वतःचंच अक्षर लागेना. दुसऱ्या रात्री तेच स्वप्न परत पडलं, तेव्हा उठून तो थेट प्रयोगशाळेत गेला. बेडकाची दोन हृदयं घेऊन त्याने दाखवलं की मज्जातंतू हृदयाला रसायनातून निरोप देतात, आणि 1936 चं नोबेल त्याला हेन्री डेल यांच्यासोबत मिळालं. मी हे वाचलं तेव्हा मला तुझ्या चित्रातला तो मोठा डावा हात दिसला. जणू निजरा म्हणतोय, घेतलं नाहीस? बरं, उद्या परत आणतो.

तर चिमणे, मरत नाहीत ते. मी चुकीचं सांगितलं होतं. रेम झोपेत मेंदूतलं रसायन नॉरअ‍ॅड्रेनॅलिन जवळजवळ थांबलेलं असतं, आठवण पक्की करायला ते लागतं, बहुधा त्यामुळेच विसरतो तो आपण, रिकाम्या हाताने बाहेर येतो तो आपण. त्यांच्याकडचं सामान त्यांनी पुढच्या फेरीला दिलेलं असतं, आणि उद्या रात्री ती छत्री कुणीतरी परत उघडतंच ना.

अजून एक सांगायचंय. नवजात बाळाची निम्मी झोप या प्रकारची असते. तू आठ दिवसांची असताना माझ्या हातावर झोपली होतीस, पापण्यांखाली बुबुळं पळत होती, एकदा ओठ मुडपलेस, एकदा हसलीस, आणि मी हात आखडला तरी हलवला नाही. तुझ्यात तेव्हा केवढा देश वसत होता हे मला माहीत नव्हतं, पण बघत बसलो होतो.

वही कुरिअरने पाठवतोय. सातव्या पानावर तुझ्या प्रश्नाखाली पेन्सिलने "नाही" लिहिलंय, बाकी कशाला हात लावला नाहीये. पुढची अकरा पानं कोरी आहेत.

तुझा
बाबा