बाबा, अय्यर आधी आमदार होते

रविवार, रात्री साडेदहा

तीर्थरूप बाबा आणि आई,
साष्टांग नमस्कार.

परवा फोनवरचं बोलणं अर्धवट राहिलं. "नगरसेवक झालीस की न्यायाधीशाची खुर्ची विसर," एवढं बोलून बाबांनी फोन आईकडे दिला आणि आईने जेवलीस का म्हणून विचारलं. जेवले होते, आई. झोप मात्र आली नाही. बाबांसमोर बसले की मला सलग बोलता येत नाही, म्हणून लिहिते आहे.

बाबा, तुम्ही ३२ वर्षं बेलीफ होतात. कोर्टात पुढाऱ्यांचा वावर कसा असतो, ते साहेबांच्या चेंबरकडे कसे बघतात, हे तुम्ही माझ्याहून जास्त पाहिलं आहे. त्यामुळे तुमचा राग खोटा नाही. पण ज्या माणसामुळे मला निवडणुकीला उभं राहावंसं वाटलं त्याच्याबद्दल मी तुम्हाला कधी सांगितलंच नाही.

व्ही. आर. कृष्ण अय्यर. तुम्ही त्यांना सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती म्हणून ओळखता. त्याआधी ते थलश्शेरीचे वकील होते. १९३८ साली तिथे वकिली सुरू केली आणि मलबारातल्या (आजचा उत्तर केरळ, तेव्हा मद्रास प्रांतात) कुळांचे, कामगारांचे खटले घेतले. १९४८ मध्ये कम्युनिस्टांना मदत केल्याच्या आरोपावरून त्यांना महिनाभर तुरुंगात ठेवलं होतं. १९५२ मध्ये अपक्ष म्हणून ते मद्रास विधानसभेवर निवडून गेले. १९५७ मध्ये केरळात नंबुद्रिपादांचं कम्युनिस्ट सरकार आलं, त्यात ते मंत्री झाले. कायदा, गृह, तुरुंग, पाटबंधारे, वीज, सगळं त्यांच्याकडे. ज्याने आतून कोठडी पाहिली होती तोच माणूस नऊ वर्षांनी तुरुंग खात्याचा मंत्री झाला!

१९५९ मध्ये केंद्राने ते सरकार बरखास्त केलं. १९६० च्या निवडणुकीत अय्यर अवघ्या सात मतांनी पडले. त्यांनी निवडणूक याचिका केली आणि ती जिंकले. १९६५ ला मात्र हरले आणि पुन्हा वकिलीकडे वळले. १९६८ मध्ये केरळ हायकोर्टात न्यायाधीश झाले आणि १९७३ मध्ये सुप्रीम कोर्टात. ती नेमणूक होऊ नये म्हणून विरोध करणाऱ्या वकिलांत सोली सोराबजी होते. हा डावा राजकारणी तिथे काय न्याय देणार, हीच त्यांची शंका होती, तुमच्यासारखीच. पुढे सोराबजींनी आपली चूक झाल्याचं उघड कबूल केलं.

बाबा, तुमचं एक वाक्य मला लागलं: "राजकारणातून आलेला न्यायाधीश उपकार फेडत बसतो." अशी माणसं झाली आहेत, नाही म्हणत नाही. बहरुल इस्लाम काँग्रेसचे राज्यसभा खासदार होते, मग हायकोर्टात गेले, १९८० मध्ये सुप्रीम कोर्टात आले आणि १९८३ मध्ये राजीनामा देऊन पुन्हा काँग्रेसच्या तिकिटावर उभे राहिले. ते वाचून मलाही चीड येते.

पण जून १९७५ आठवा. इंदिराबाईंची निवडणूक अलाहाबाद हायकोर्टाने १२ जूनला रद्द केली. सुप्रीम कोर्टाला सुट्टी, आणि सुट्टीतले न्यायाधीश कृष्ण अय्यर. त्यांची सुप्रीम कोर्टातली नेमणूक इंदिराबाईंच्याच काळातली. कायदामंत्री ह. रा. गोखल्यांचा त्यांना फोन आला, भेटायचं होतं. (गोखले उलट्या वाटेने गेलेले: आधी मुंबई हायकोर्टाचे न्यायाधीश, मग खासदार, मग मंत्री.) अय्यर म्हणाले, भेटायची गरज नाही, अर्ज रजिस्ट्रीत दाखल करा. नामवंत वकील नानी पालखीवाला पंतप्रधानांच्या बाजूने उभे राहिले आणि त्यांनी हायकोर्टाच्या निकालाला बिनशर्त स्थगिती मागितली. ती दिली नाही. २४ जूनला हुकूम झाला: पंतप्रधान राहा, सभागृहात बसा, पण खासदार म्हणून मत देता येणार नाही आणि वेतन घेता येणार नाही. दुसऱ्या रात्री आणीबाणी आली. या हुकुमावर दोन्ही बाजूंनी टीका झाली, अजूनही होते. पण त्यात उपकाराची फेड मला तरी दिसत नाही.

मला त्याहून मोठे वाटतात ते त्यांचे छोट्या माणसांचे निकाल. मध्य प्रदेशातल्या मोतीराम नावाच्या गवंड्याला जामीन मिळाला, पण १०,००० रुपयांचा जामीनदार आणा म्हणाले. भाऊ उभा राहिला, तर त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून नाकारला. अय्यरांनी १९७८ मध्ये ती रक्कम १,००० वर आणली. गेल्या वर्षी माझा एक पक्षकार जामीन मंजूर होऊनही पाच आठवडे आत होता, कारण सातबारा घेऊन येणारं कुणी मिळेना. मी अर्जात मोतीरामचा निकाल जोडला, तेव्हा सुटला.

आणि रतलामचा निकाल. उघडी गटारं, दुर्गंधी, वस्तीतल्या लोकांनी तक्रार केली. नगरपालिका म्हणाली, पैसे नाहीत. अय्यरांनी १९८० मध्ये सांगितलं की ही सबब चालणार नाही, लोकांच्या आरोग्यासाठी जे करायचं ते करावंच लागेल. बाबा, "निधी नाही" हे वाक्य सरकारी टेबलावर कसं तयार होतं, हे मंत्री राहिलेल्या माणसाला कुणी शिकवायला लागत नाही. पुस्तकं वाचून झालेला न्यायाधीश कदाचित ते मान्य करून मोकळा झाला असता. मी गेली तीन वर्षं आमच्या प्रभागातल्या गटारासाठी अर्ज देते आहे, मला तेच उत्तर येतं.

आता एक जुनी गोष्ट. मी सातवीत होते. तुम्ही संध्याकाळी घरी आलात आणि जेवला नाहीत. आईने नंतर मला सांगितलं की तुम्ही एका दरखास्तीत, म्हणजे कोर्टाने ठरवलेल्या पैशांच्या वसुलीत, अटक वॉरंट घेऊन गेला होतात. म्हातारा माणूस होता, हुकूमनाम्याचे पैसे फेडायला त्याच्याकडे काहीच नव्हतं, आणि त्याला कोर्टात हजर करायचं काम तुमचं. वाटेत तुम्ही त्याला चहा पाजलात. वादीने त्याच्या कैदेतल्या पोटगीचा भत्ता भरला होता. तुमचं कुठे काही चुकलं नव्हतं, तरी तुम्ही जेवला नाहीत.

त्यावरच अय्यरांचा निकाल आहे, १९८० चा, कोचीन बँकेच्या प्रकरणातला. ऋणको गरीब आहे, फेडू शकत नाही, एवढ्यावर त्याला दिवाणी कैदेत टाकता येत नाही. पैसे असून दडवले, मुद्दाम टाळाटाळ केली, हे दिसलं पाहिजे. कॉलेजात तो वाचला तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर तुमचं न शिवलेलं ताट आलं. तुम्हाला वॉरंट हातात घेऊन जे कळलं होतं ते या माणसाने कायद्यात लिहून ठेवलं. मलबारच्या कुळांच्या दारात बसल्याशिवाय, मतं मागत फिरल्याशिवाय ते त्यांना लिहिता आलं असतं असं मला वाटत नाही.

मी अय्यर नाही, आणि दोन्ही मिळेल असं सांगून तुम्हाला फसवणार नाही. जिल्हा न्यायाधीशाच्या परीक्षेला सात वर्षांची वकिली लागते, ती माझी झाली आहे, वयही आहे. एकदा निवडणूक लढवली की पुढे कदाचित ते दार माझ्यासाठी बंद होईल. तुमची मुलगी डायसवर बसलेली बघायची तुमची किती इच्छा आहे, ते मला माहीत आहे. आई, तू माझ्या काळ्या कोटाला इस्त्री करताना काय बोलायचीस तेही लक्षात आहे. ते सोडताना मला त्रास होतो आहे, आणि तरी या वेळी उभं राहावंसं वाटतं. पक्षाचं तिकीट मी घेणार नाही, अपक्ष अर्ज भरेन. पैसे वाटणार नाही. वकिली बंद करणार नाही, तुरुंगातल्या मोफत केसेस तर मुळीच नाही.

अजून कुणालाही होकार दिलेला नाही. अर्ज भरायची मुदत शुक्रवारी दुपारी संपते. बुधवारी कोर्ट सुटलं की संध्याकाळच्या एसटीने येते आहे. कोचीन बँकेच्या निकालाचं मी मराठीत टिपण केलं आहे, तेवढं माझ्यासमोर वाचा. आणि त्या म्हाताऱ्याचं पुढे काय झालं ते मला सांगा, बाबा. मी कधी विचारलं नाही.

तुमची,
ताई

ता. क. आई, बाबांच्या बीपीच्या गोळ्या येताना घेऊन येते, तिकडे आणू नका.