अण्णांची पानं परत आणून देणाऱ्या दादांना

प्रिय दादा,

नाव लिहू नका म्हणालात, म्हणून लिहीत नाही. पण आभार चारचौघांतच मानायचे असं आईनं ठरवलंय, आणि तिच्या वतीनं मी हे पत्र लिहितेय.

वैशाखातल्या भर दुपारी माझ्या वडिलांचा, अण्णांचा, जुना कॉम्प्युटर रिक्षात मांडीवर धरून मी अशोक चौकाकडच्या तुमच्या जिन्याखालच्या दुकानात आले. त्याआधी आठ दिवस तो सुरूच होत नव्हता. पंखा फिरायचा, काळ्या पडद्यावर इंग्रजीत एक ओळ उमटायची आणि सगळं तिथंच थांबायचं. एका दुकानात दाखवला होता. ‘फॉरमॅट मारून देतो, संध्याकाळी घेऊन जा,’ असं तिथं सांगितलं. मी हो म्हणणारच होते. तेवढ्यात आईनं विचारलं, ‘ह्यांनी लिहिलेलं राहील ना?’ त्यावर कुणी काही बोललं नाही, म्हणून तसाच उचलून आणला.

तुमच्याकडे आल्यावरही मी वायर लावून बटणाकडे हात नेला, तेव्हा तुम्ही म्हणालात, ‘काय करलालाव ताई? थांबा की. आधी सांगा, आत काय आहे?’

आठ दिवसांत हा प्रश्न पहिल्यांदा कुणीतरी विचारला होता. मग मी सगळं सांगितलं. अण्णा चादरीच्या कारखान्यात जकार्डची डिझाइनं काढायचे. ग्राफच्या कागदावर चौकोन रंगवायचे, त्यावरून पुठ्ठ्याच्या पट्ट्यांना भोकं पडायची आणि त्या भोकांच्या हिशोबानं मागावरचे दोरे वर उचलले जायचे. रिटायर झाल्यावर ते डीटीपी, म्हणजे कॉम्प्युटरवर छपाईची पानं जुळवणं, शिकले आणि रोज सकाळी थोडं थोडं टाइप करू लागले. त्यांचे आजोबा जुन्या गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, होते. मे १९३० मध्ये सोलापुरात मार्शल लॉ, म्हणजे लष्करी अंमल, लागला, तेव्हा आमच्या गल्लीत काय झालं, पुढे १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात सोलापूरच्या चार हुतात्म्यांना फाशी दिल्याची बातमी आली तेव्हा घरात कोण काय बोललं, हे आजोबांनी अण्णांना सांगितलेलं. ते आणखी कुठंच लिहिलेलं नाही. दोनशे चौदा पानं झाली होती. छपाई पुढच्या वर्षी करू म्हणत राहिले आणि दोन वर्षांपूर्वी गेले.

तुम्ही मध्ये एकदाही घाई केली नाहीत. सगळं ऐकून घेतलंत, मगच स्क्रू काढलेत. हार्ड डिस्क बाहेर काढून दुसऱ्या वायरीवर जोडलीत आणि कानाशी धरलीत. टकटक आवाज आला असता तर हात लावला नसता, असल्या डिस्क धूळ नसलेल्या क्लीन रूममध्येच उघडाव्या लागतात, असं सांगितलंत. टकटक नव्हती. ‘ताई, कॉम्प्युटर सुरू न होणं वेगळं आणि फाइली जाणं वेगळं,’ हे तुमचं वाक्य मी आईला फोनवर जसंच्या तसं सांगितलं. त्या रात्री ती जेवली.

डिस्कवर खराब जागा झाल्या होत्या. प्रत्येक वेळी सुरू करताना विंडोज तिच्यावर काहीतरी लिहू पाहतं, म्हणून घरी वारंवार बटण दाबणं किती धोक्याचं होतं ते मला तेव्हा कळलं. तुम्ही पेन ड्राइव्हवरून विंडोजऐवजी लिनक्स चालू केलंत आणि जुन्या डिस्कवर एक अक्षरही न लिहिता तिची अख्खी नक्कल नव्या डिस्कवर उतरवायला घेतलीत. डीडीरेस्क्यू नावाचं नक्कल करणारं सॉफ्टवेअर आधी चांगले भाग उचलतं, अडलेले सोडून पुढे जातं आणि मग एकेका अडलेल्या जागी परत येतं. दोन रात्री ते चाललं. डिस्क तापू नये म्हणून दुकानातला एकुलता एक टेबलफॅन तुम्ही तिच्याकडे वळवला होता आणि स्वतः त्या उकाड्यात घामानं निथळत बसला होता. दुसऱ्या रात्री लाइट गेली. मी घाबरून फोन केला, तर म्हणालात, कुठवर आलो त्याची नोंद फाइलीत आहे, लाइट आली की तिथूनच पुढे. तसंच झालं. पुढची सगळी शोधाशोध तुम्ही त्या नकलेवर केलीत.

आणि मग फाइल उघडली. पडद्यावर इंग्रजी अक्षरं आणि चिन्हं यांचा नुसता चिवडा. मला वाटलं, संपलं. तुम्ही मात्र दोन ओळी पाहून म्हणालात, ‘काही बिघडलं नाही, श्रीलिपीत टाइप केलंय.’ युनिकोड, म्हणजे प्रत्येक मराठी अक्षराला स्वतःचा क्रमांक देणारी आजची पद्धत, घरोघरी पोचण्याआधीच्या या फॉन्टांत इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवलेले असतात, फॉन्ट नसला की खालची इंग्रजी अक्षरं उघडी पडतात. तो फॉन्ट तुम्ही अण्णांच्याच डिस्कमधल्या विंडोजच्या फोल्डरातून काढलात. एका क्लिकमध्ये त्या चिवड्याचे ‘आमचे आजोबा’ हे दोन ओळखीचे शब्द झाले. मी दुकानातच रडले. तुम्ही काही न बोलता पाण्याची बाटली पुढे केलीत आणि शटर अर्धं खाली ओढलंत. हे मी कधी विसरणार नाही.

पैसे फक्त नव्या डिस्कचे घेतलेत. आईनं दिलेली चादर मात्र घ्यावीच लागली तुम्हाला, कारण तिच्यावरचा मोर अण्णांचा आहे. जवळून पाहिलीत तर त्याच्या मानेचं वळण बारीक पायऱ्यापायऱ्यांचं दिसेल. ते सरळ रेघेसारखं वाटावं म्हणून त्यांनी तीनदा ग्राफ बदलला होता.

तुम्ही सांगितल्याप्रमाणे एक प्रत घरी आणि एक पुण्याला भावाकडे ठेवलीय. आता सगळं युनिकोडमध्ये आणतोय. त्यात रफार आणि पहिली वेलांटी जागा सोडतात, ‘गर्दी’चा रफार भलत्याच अक्षरावर जाऊन बसतो, म्हणून प्रत्येक ओळ तपासावी लागते. रोज संध्याकाळी देवापाशी दिवा लावून झाला की आई चष्मा लावून शेजारी बसते, मी वाचते, ती दुरुस्त सांगते. धोटा, कांडी, फणी हे मागाचे सगळे शब्द तिला पाठ आहेत.

सत्त्याऐंशीव्या पानावर मात्र अडलोय. सोलापूरच्या पूर्व भागातल्या विणकरांकडून ऐकलेला, तुटलेल्या दोऱ्याच्या गाठीसाठीचा एक तेलुगू शब्द अण्णांनी लिहिलाय आणि त्याची शेवटची दोन अक्षरं पुढच्या काही ओळींसकट खराब जागेत गेलीत. तुमच्या घरी तेलुगू बोलतात, आणि आजोबा यंत्रमागावर होते असं तुम्ही म्हणाला होता. त्यांना विचारून सांगाल का? त्या पानाची प्रिंट घेऊन आई आणि मी रविवारी येतोय.

तुमची,
अण्णांची मुलगी